स्लाय स्टोनचा 'रायट': माझी एलपी खराब आहे की अल्बमच असा गढूळ आहे?

बेसवाला_फोंडा

मंडळी नमस्कार, जरा लांबलचक लिहितोय पण गेले दोन महिने हा प्रश्न डोक्यातून जात नाहीये. मी फोंड्याला असतो, बेस गिटार वाजवतो, लग्नाच्या सीझनमध्ये बँड आणि बाकीच्या वेळी घरी रियाज. फंक (बेस आणि ठेक्यावर चालणारं अमेरिकेतल्या काळ्यांचं नाचाचं संगीत) मी बेसवाल्या लॅरी ग्रॅहमच्या अंगठ्यामुळे ऐकायला लागलो, म्हणजे त्याचा बँड, स्लाय स्टोनचा स्लाय अँड द फॅमिली स्टोन, म्हणजे 'स्टँड!', 'एव्हरीडे पीपल', ते सगळं. आणि सगळे सांगतात की या बँडचा खरा मोठा अल्बम १९७१ चा 'देअर्स अ रायट गोइंग ऑन'. तर हणजूणच्या बुधवारच्या बाजारात एका माणसाकडे त्याची जुनी एलपी दिसली आणि घेतली. कव्हरवर नाव नाही, काही नाही, फक्त अमेरिकेचा झेंडा, आणि त्यातही निळ्याच्या जागी काळा रंग आणि ताऱ्यांच्या जागी सूर्य. मला आधी वाटलं रंग उडालाय.

घरी आणून लावली तर आवाज असा की स्पीकरवर कोणी गोधडी टाकलीय. धुतली, पुसली, परत लावली. मग टर्नटेबलची सुई बदलली, दुकानदार म्हणाला ही लावा, आवाज एकदम चकचकीत होईल, चांगले पैसे गेले आणि आवाज होता तसाच. शेवटी मोबाइलवर २००७ ची रिमास्टर, म्हणजे नव्याने सुधारून काढलेली आवृत्ती लावून हेडफोनने ऐकलं तर तिथेही तीच गोधडी! पावसात म्हादई कशी लाल होऊन वाहते, तळ दिसतच नाही, तसं सगळं. ड्रम्सच्या जागी एक टिक-टिक मशीन, आवाज कुठून तरी लांबून, मध्येच कोणीतरी पुटपुटतंय, आणि बेस मात्र जाड, पोटात लागणारा.

आता दुसरी गोष्ट. समीक्षा वाचायला घेतल्या. रोलिंग स्टोन मासिकाच्या ५०० सर्वोत्तम अल्बमांच्या यादीत हा २००३ साली ९९ वा, २०१२ ला पण ९९ वा आणि २०२० ला चक्क ८२ वर. आणि त्याच मासिकात डिसेंबर १९७१ मध्ये व्हिन्स अलेट्टीने लिहिलं होतं की सुरुवातीला मला हा अल्बम आवडलाच नाही, त्यात जोर नाही, ताकद नाही. मग मधल्या काळात काय झालं? आवाज तर तोच आहे. समीक्षकांनी मत बदललं की सगळे म्हणतात म्हणून आपणही म्हणायचं असं झालं?

विचारायचं कारण म्हणजे आमच्या गावच्या वाचनालयाच्या हॉलमध्ये आम्ही आठ-दहा जण महिन्यातून एकदा जमून एक रेकॉर्ड पूर्ण ऐकतो, या वेळी माझी पाळी आहे, वीस मिनिटं बोलायचंय. लोकांना गढूळ आवाज ऐकवून वर हे महान आहे म्हणून सांगायचं तर मला स्वतःला आधी पटलं पाहिजे. कोणाला माहिती असेल तर सांगा, एलपी खराब, रेकॉर्डिंग खराब, की माझे कान?

टेपवाला_मडगाव

पात्रांव, एलपी ठीक आहे आणि कानही ठीक आहेत. रेकॉर्डिंगच तसं आहे आणि त्याचं कारण तांत्रिक आहे, गूढ वगैरे काही नाही.

मी नव्वदच्या दशकात मडगावला एका छोट्या स्टुडिओत काम करायचो, भजनाच्या, आरत्यांच्या कॅसेटी. चारच ट्रॅक असायचे, म्हणजे टेपवर आवाज वेगवेगळे भरायच्या चारच पट्ट्या. आधी पेटी, तबला, टाळ असं तीन ट्रॅकवर भरायचं, मग हे तीन ट्रॅक मिसळून चौथ्या ट्रॅकवर उतरवायचे आणि रिकाम्या झालेल्या जागेवर पुढचं भरायचं. प्रत्येक उतरवणीला खालची सुरसुर थोडी वाढते आणि वरची चमक थोडी जाते. शिवाय टेप म्हणजे काय तर प्लास्टिकच्या पट्टीवर लोखंडाच्या गंजाचा थर. तीच टेप पुन्हा पुन्हा मशीनच्या हेडवरून फिरवली की तो थर झिजतो. रात्री काम संपल्यावर मी स्पिरिटमध्ये कापूस बुडवून हेड पुसायचो तर कापसावर तपकिरी डाग यायचा, तो डाग म्हणजे गाण्याचाच थोडा भाग असं आमचे सीनियर म्हणायचे. आणि जातं काय तर आधी वरचे सूर जातात, झांजेची किणकिण, गाणाऱ्याचा 'स' आणि 'श'. खालचा बेस शेवटपर्यंत टिकतो. तुला बेस पोटात लागतो आणि बाकी सगळं गोधडीखाली, याचं उत्तर इथेच आहे.

आता स्लायने काय केलं बघ. आधीचे अल्बम बँड एकत्र वाजवून व्हायचे. 'रायट'च्या वेळी १९७०-७१ मध्ये तो बराचसा एकटाच बसून, एकेक वाद्य स्वतः वाजवून थरावर थर चढवत होता, थोडं रेकॉर्ड प्लांट स्टुडिओत आणि थोडं लॉस एंजेलिसच्या बेल एअर भागातल्या बंगल्यावर, जिथे आधी जॉन फिलिप्स राहायचा, ममाज अँड द पापाज या बँडवाला. भरायचं, पुसायचं, पुन्हा भरायचं. लॅरी ग्रॅहमसारखा माणूससुद्धा येऊन आपला बेस वेगळा भरून जायचा, सगळे समोरासमोर बसलेत असं फार कमी. पाहुणे मोठमोठे, कीबोर्डवर बिली प्रेस्टन, गिटारवर बॉबी वोमॅक, आयक टर्नर. ड्रमर ग्रेग एरिको १९७१ मध्ये बँड सोडून गेला आणि त्याची जागा बऱ्याच गाण्यांत माएस्ट्रो ऱ्हिदम किंग नावाच्या मशीनने घेतली. हे मशीन म्हणजे मुळात घरी ऑर्गन वाजवणाऱ्याला साथ म्हणून केलेला डबा, बटण दाबलं की बोसा नोव्हाचा ब्राझिली ठेका, बटण दाबलं की रॉक. त्या डब्याला फंकमध्ये आणून बसवणं आणि तेही नंबर एकच्या गाण्यात, ही साधी गोष्ट नाही. 'फॅमिली अफेअर' डिसेंबर १९७१ मध्ये बिलबोर्ड या अमेरिकन मासिकाच्या गाण्यांच्या यादीत तीन आठवडे पहिल्या नंबरवर होतं आणि ड्रम मशीनवर चालणाऱ्या अगदी पहिल्या नंबर एक गाण्यांपैकी ते एक आहे.

म्हणजे इंजिनियर म्हणून विचारशील तर हो, हे सदोष रेकॉर्डिंग आहे. मी असं मास्टर, म्हणजे शेवटची पक्की टेप, देऊन घरी गेलो असतो तर दुसऱ्या दिवशी नोकरी गेली असती. पण मी हा अल्बम शंभरदा तरी ऐकला असेन आणि मला तो साफ करावासा वाटत नाही. 'जस्ट लाइक अ बेबी' मधली ती सुरसुर काढली तर गाणंच उघडं पडेल.

आणि सुईचे पैसे फुकट गेले नाहीत रे, 'स्टँड!' लावून बघ त्याच सुईने.

म्हापशेकर

मी वयाने तुमच्या सगळ्यांपेक्षा मोठा असणार, सत्तरी ओलांडली. माझा थोरला भाऊ बोटीवर होता, तो दर वेळी येताना रेकॉर्डी आणायचा. त्याने ही एलपी आणली तेव्हा मी कॉलेजात होतो, म्हापशाला आमच्या घराच्या बलकांवावर, म्हणजे पुढच्या ओट्यावर बसून आम्ही चार-पाच पोरांनी ऐकली. तेव्हा कळंगुट, हणजूण भागात हिप्पी यायला लागले होते, त्यांच्याकडून काही कानावर पडायचं, पण आमच्याकडे त्या बँडची आधीची गाणी पाठ होती. 'आय वॉन्ट टू टेक यू हायर' लागलं की बसून राहणं शक्यच नव्हतं.

त्यामुळे खरं सांगतो, पहिल्या दिवशी आमची घोर निराशा झाली. आम्ही नाचायच्या तयारीत बसलेलो आणि पहिलंच गाणं 'लव्ह अँड हेट', त्यात माणूस म्हणतोय मी आतून मजेत आहे, मला हलायचं नाही! भाऊ म्हणाला प्लेयरचा पट्टा सैल झाला असेल म्हणून गाणी हळू वाजतायत. पट्टा तपासला, तो ठीक होता. म्हणजे बेसवाल्या, तुझ्या आधी पन्नास वर्षं आम्हीही यंत्रालाच दोष दिला होता.

नंतर भाऊ पुन्हा बोटीवर गेला. घर रिकामं झालं, पावसाळा लागला, आणि मी एकटाच ती रेकॉर्ड लावायला लागलो. 'फॅमिली अफेअर' मध्ये एका आईची दोन मुलं, एक शिकायच्या नादाचा आणि दुसरा असा की बघितला की संताप यावा, आणि आईला दोघेही प्रिय. आमच्या घरात अगदी तेच चाललं होतं, त्यातला कोण मी आणि कोण भाऊ ते इथे लिहीत नाही. ते गाणं स्लाय ओरडून म्हणत नाही, खालच्या पट्टीत, झोपेतून उठल्यासारखं म्हणतो आणि त्याची बहीण रोझ वर तेवढी एक ओळ पुन्हा पुन्हा म्हणते. घरातलं भांडण असंच असतं, शेजाऱ्याला ऐकू जाऊ नये अशा आवाजात.

मी समीक्षा वगैरे तेव्हा काही वाचली नव्हती. मला आवडायला चार महिने लागले एवढंच ठाऊक.

बेसवाला_फोंडा

काका, अंगावर काटा आला वाचून. पट्ट्याची गोष्ट मी हॉलमध्ये सांगू का? नाव नाही घेणार.

म्हापशेकर

सांग की. भाऊ असता तर त्यालाच बोलावलं असतं तुझ्याकडे.

नाट्यवेडी_पणजी

समीक्षेच्या प्रश्नावर मला बोलायचंय. मी कला अकादमीच्या मराठी नाट्यस्पर्धेची नाटकं वर्षानुवर्षं बघते आणि एका स्थानिक पेपरात त्यांच्यावर लिहायचे. रात्री पडदा पडला की घरी येऊन लिहायचं, सकाळी द्यायचं. त्यामुळे पहिल्या समीक्षकाची बाजू मला आतून माहीत आहे.

आधी एक गैरसमज दूर करते, आधी सगळ्यांनी झिडकारलं आणि नंतर कोणीतरी शोधून काढलं अशी ही गोष्ट नाहीच मुळी. लोकांनी हा अल्बम आल्या आल्या विकत घेतला, बिलबोर्डच्या अल्बम यादीत तो पहिल्या नंबरवर गेला. आणि अलेट्टीचं तू अर्धंच सांगितलंस. त्याने त्याच परीक्षणात पुढे लिहिलंय की या अल्बममधला अशक्तपणा मला अजूनही आवडत नाही पण त्याच्या प्रामाणिकपणाबद्दल मला आदर वाटायला लागला. म्हणजे जो बदल तू तीस वर्षांत शोधतोयस तो एका माणसाच्या एका लेखात, काही दिवसांत झालेला आहे. मला ते परीक्षण याच कारणासाठी फार मोलाचं वाटतं. त्याने आधीचं मत खोडलं नाही, दोन्ही मतं शेजारी ठेवली. असं लिहायला धाडस लागतं, मला ते प्रत्येक वेळी जमलं नाही.

दुसरं म्हणजे त्या वेळच्या लोकांनी हा अल्बम कशाच्या पाठोपाठ ऐकला ते बघ. मे १९६९ ला 'स्टँड!', ऑगस्टमध्ये वुडस्टॉकच्या संगीत महोत्सवात पहाटे अख्ख्या मैदानाला उठवून नाचवणारा बँड, गोरे-काळे, बायका-पुरुष एकाच स्टेजवर, सिंथिया रॉबिन्सन ट्रंपेटवर, जेरी मार्टिनी सॅक्सवर. सगळ्यांना आशा वाटावी असं चित्र. मग अडीच वर्षं नवा अल्बम नाही, कंपनीने मध्ये १९७० ला जुन्या गाण्यांचा संग्रह काढून वेळ मारून नेली. स्लाय कार्यक्रमांना उशिरा यायचा किंवा यायचाच नाही, ड्रग्जमध्ये बुडाला होता, बँड आतून तुटत होता. बाहेर व्हिएतनाम चालू, शिकागोत काळ्यांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या ब्लॅक पँथर्सचा फ्रेड हॅम्प्टन पोलिसांच्या गोळीने मेला, केंट स्टेट विद्यापीठात विद्यार्थ्यांवर गोळ्या झाल्या. आणि या सगळ्यानंतर तोच हसरा माणूस हा अल्बम घेऊन येतो. ज्यांनी त्याच्यावर प्रेम केलं होतं त्यांना आधी धक्काच बसणार ना. काकांना बसला तसाच.

समीक्षक ग्रील मार्कसने १९७५ च्या 'मिस्ट्री ट्रेन' या पुस्तकात स्लाय स्टोनवर अख्खं प्रकरण लिहिलं आणि हा अल्बम अमेरिकेतल्या काळ्या माणसाच्या जुन्या दंतकथेशी जोडून दाखवला, तिथून त्याच्याकडे बघायची नजर बदलली. दुसरा समीक्षक रॉबर्ट ख्रिस्तगौने सत्तरच्या दशकाच्या आपल्या रेकॉर्ड गाइडमध्ये त्याला ए प्लस दिला, जो तो फार क्वचित देतो. आणि मग संगीतकारांनीच पुढचं काम केलं. जॅझवाल्या माइल्स डेव्हिसने १९७२ ला 'ऑन द कॉर्नर' काढला त्यावर स्लायची छाप स्पष्ट आहे, आणि त्यालाही तेव्हाच्या जॅझ समीक्षकांनी झोडपलं. हर्बी हॅनकॉकने १९७३ च्या 'हेड हंटर्स' मध्ये एका रचनेचं नावच 'स्लाय' ठेवलं. पुढे प्रिन्स, डी'अँजेलो या गायकांनी तो दबका, पुटपुटणारा आवाज इतका वापरला की ज्या पिढीने तो आधी ऐकला तिला 'रायट' परका वाटलाच नाही. कान तयार झाले म्हण हवं तर.

शीर्षकाबद्दलही सांग लोकांना. अल्बमचं नाव आधी 'आफ्रिका टॉक्स टू यू' ठरलं होतं. त्याच वर्षी मे महिन्यात गायक मार्विन गेचा अल्बम 'व्हॉट्स गोइंग ऑन' आला, काय चाललंय असं विचारणारा, आणि स्लायने नाव बदलून त्याला उत्तर दिलं, दंगल चाललीय. आणि शीर्षकगीताची लांबी लेबलवर छापलीय शून्य मिनिटं शून्य सेकंद. १९७० च्या जुलैत शिकागोच्या ग्रँट पार्कमध्ये या बँडच्या फुकट कार्यक्रमाला दंगल उसळली होती, बँड स्टेजवर यायच्या आधीच, पण ठपका त्यांच्यावर आला. त्यामुळे लोक वर्षानुवर्षं तर्क करत होते की हे शून्य त्या दिवसाबद्दल आहे. स्लायने पुढे १९९७ मध्ये सांगितलं की दंगली होऊच नयेत असं वाटलं म्हणून शून्य ठेवलं.

डिचोलीकर७७

मी या सगळ्याच्या विरुद्ध बोलणार आहे आणि मनापासून बोलतोय. हा अल्बम थोर आहे हे मला मान्य आहे पण बँडचा सर्वोत्तम नाही. बँड या शब्दालाच माझ्या दृष्टीने किंमत आहे. फॅमिली स्टोनचं मोठेपण म्हणजे सात माणसं एकमेकांकडे बघून वाजवतायत, एक ओळ एकाने म्हणायची, दुसरी दुसऱ्याने उचलायची. 'रायट' मध्ये ते कुटुंब कुठे आहे? 'फॅमिली अफेअर' नावाच्या गाण्यात बेस लॅरी ग्रॅहमचा नाही, तोही स्लायनेच वाजवलाय! ज्या माणसाने अंगठ्याने तार ठोकून अख्ख्या जगाच्या बेसवाल्यांना नवी भाषा दिली तो घरचा माणूस आणि त्याच्या वाट्याला एवढंसं काम, पुढच्याच वर्षी तो बँड सोडून गेला. मला हे ऐकताना वाईट वाटतं आणि ते वाईट वाटणं अल्बमचा गुण आहे असं कोणी सांगितलं तरी मला पटत नाही.

आणि 'स्पेस्ड काउबॉय' मधलं ते यॉडलिंग, म्हणजे गळा एकदम वर-खाली फेकत गाणं, शंभर माणसांनी शंभर लेख लिहिले तरी ते गाणं मी पुढे सरकवतो.

माझं मत विचाराल तर १९७३ चा 'फ्रेश' ऐका. त्यात हाच दबका मूड आहे, मशीनही आहे, पण ड्रम्सवर अँडी न्यूमार्क नावाचा जिवंत माणूस आहे. 'इन टाइम' हे पहिलं गाणं एकदा डोळे मिटून ऐका आणि मग बोलू. यादीत ८२ वा, ९९ वा हे आकडे लोकांना सांगू नकोस असं माझं प्रामाणिक सांगणं आहे. आकडा आधी ऐकला की माणूस गाणं ऐकत नाही, आकडा बरोबर आहे का ते तपासत बसतो.

टेपवाला_मडगाव

ग्रॅहमबद्दल तुमच्या मताशी मी शंभर टक्के सहमत. पण 'रायट'मधलं शेवटचं गाणं सोडू नका.

घुमट_सत्तरी

मी फंकमधला जाणकार नाही. चवथीला, म्हणजे गणेश चतुर्थीला, घुमट आरतीत घुमट (मडक्याच्या तोंडावर चामडं ताणून केलेलं वाद्य) वाजवतो, वडील वाजवायचे, आजोबा वाजवायचे. माझ्या मुलाने हा धागा दाखवला आणि म्हणाला ते टिक-टिक मशीन ऐका तर खरं, म्हणून दोन रात्री ऐकलं.

मशीन म्हटलं की थंड, निर्जीव असंच वाटतं. मला ते तसं नाही लागलं. आमच्या आरतीत तीन गोष्टी असतात, घुमट, शामेळ (काठ्यांनी वाजवायचं चामड्याचं वाद्य) आणि कासाळे (झांजा). कासाळेवाल्याने काय करायचं तर हलायचं नाही. जग इकडचं तिकडे झालं तरी त्याचा ठोका तिथेच. आणि तो हलत नाही म्हणूनच घुमटवाल्याला हलता येतं, डाव्या हाताच्या तळव्याने मागचं तोंड थोडं झाकायचं, थोडं उघडायचं, आवाज पुढे ढकलायचा, मागे ओढायचा. 'फॅमिली अफेअर' मध्ये ते मशीन म्हणजे कासाळे आहे. त्याच्याभोवती बेस आणि ते इलेक्ट्रिक पियानो कसे मागेपुढे होतायत ते ऐका. मशीन एकटं ऐकलं तर रटाळ, पण एकटे कासाळे तरी कोण ऐकतो?

आणि आवाज गढूळ म्हणताय त्याबद्दल. चवथ येते भाद्रपदात, पावसात. हवेत ओल असली की घुमटाचं चामडं सैल पडतं, आवाज भद्द येतो, मग आम्ही निखाऱ्यावर धरून शेकतो आणि मग तो टण्ण वाजतो. पूर्वी घोरपडीचं चामडं असायचं, आता कायद्याने बंदी आहे आणि ती बरोबरच आहे, बकऱ्याचं वापरतो. २०१९ ला सरकारने घुमटाला गोव्याचं वारसा वाद्य म्हणून मान दिला, तोवर कित्येक घरांत ते माळ्यावर पडलेलं होतं. तर सांगायचं हे की आरत्या रात्रभर चालतात, पाचव्या-सहाव्या घरी पोचेपर्यंत चामडं पुन्हा सैल झालेलं असतं, शेकायला कोणी थांबत नाही, गाणाऱ्यांचे गळे बसलेले असतात, आणि त्या वेळची आरती मला सगळ्यात जास्त लागते. माटोळीखाली, म्हणजे गणपतीवर टांगलेल्या फळापानांखाली, सगळे घामाघूम, आवाज जड झालेला, पण लय सुटत नाही. या अल्बमचा आवाज मला त्या सहाव्या घरासारखा वाटला.

नाट्यवेडी_पणजी

दादा, हे वाचून मी अल्बम परत लावला. कासाळ्यांचं लक्षातच आलं नव्हतं माझ्या.

डिचोलीकर७७

सहाव्या घराचं पटलं. तरीही 'फ्रेश'.

बेसवाला_फोंडा

मंडळी, झाला कार्यक्रम काल. तुम्ही सगळ्यांनी इतकं भरभरून दिलंत म्हणून काय झालं ते नीट सांगतो.

अकरा जण आले, बाहेर धो धो पाऊस. डिचोलीकरांचं ऐकलं, याद्या, आकडे, समीक्षक यातलं काहीही आधी बोललो नाही. एवढंच सांगितलं की आवाज दबका आहे, मशीन ठीक आहे, सुई नवी आहे, आणि काकांची पट्ट्याची गोष्ट सांगितली. मग पहिली बाजू लावली. 'आफ्रिका टॉक्स टू यू' जवळजवळ नऊ मिनिटांचं आहे, त्याला दोघं-तिघं चुळबुळले, एक जण उठून चहाचं बघायला गेला. ते संपलं. लेबलवर त्यानंतर शीर्षकगीत छापलंय ते मी मुद्दाम वाचून दाखवलं होतं, त्यामुळे सगळे गाण्याची वाट बघत बसले. सुई शेवटच्या रिकाम्या खाचेत गेली आणि तशीच फिरत राहिली, टप, टप, टप. मी उचलली नाही. अर्धा मिनिट तरी कोणी काही बोललं नाही, नुसता पावसाचा आवाज आणि ते टप टप. मग आमच्यातल्या एका निवृत्त मास्तरांनी विचारलं, हेच का ते गाणं? तेव्हा मी शून्य सेकंदाची आणि शिकागोची हकिगत सांगितली.

दुसरी बाजू लावण्याआधी पहिल्या बाजूवरचं 'फॅमिली अफेअर' पुन्हा लावलं, त्याआधी कासाळ्यांचं बोललो, आणि सांगायला आनंद वाटतो की दोघांनी मांडीवर तोच ठोका धरला शेवटपर्यंत. अलेट्टीचं परीक्षण सगळ्यात शेवटी सांगितलं, दोन्ही मतं शेजारी ठेवलेलं, आणि मग जो वाद रंगला तो रात्री साडेदहापर्यंत. तिघांना अल्बम अजिबात आवडला नाही, त्यांनी तसं स्पष्ट सांगितलं, आणि त्यातल्या एकाने जाताना एलपी घरी न्यायला मागितली.

टेपवाल्या भाऊ, तुमच्या शेवटच्या गाण्याबद्दल. 'थँक यू फॉर टॉकिंग टू मी, आफ्रिका' हे १९७० च्या त्यांच्या नंबर एक 'थँक यू' चंच संथ रूप आहे हे माहीत होतं, पण मी ते कधी हातात घेऊन बघितलं नव्हतं. काल सगळे गेल्यावर अँप लावून बसलो. मूळ गाणं मी लग्नांत वाजवतो, अंगठा ठोकायचा, बोटाने तार ओढायची, वेग असल्यामुळे चुका झाकल्या जातात. या संथ चालीत दोन ठोक्यांच्या मध्ये एवढी जागा आहे की तिथे काय करायचं तेच कळेना. पहिले पाचसहा वेळा मी घाईच केली, हात आपोआप पुढे पळत होता. मग मेट्रोनोम लावला, ठोके मोजत बसलो, आणि रात्री एकच्या सुमाराला चार ओळी धड वाजल्या. आईने आतून विचारलं, एवढं हळू काय वाजवतोस, तार तुटली का?

पुढच्या महिन्यात 'फ्रेश' ठेवलाय. डिचोलीकर, माझ्याकडे त्याची रेकॉर्ड नाही, तुम्ही घेऊन येताय असं मी सगळ्यांना सांगून टाकलंय. घुमटवाल्या दादांनाही बोलावणं आहे, मुलाला घेऊन या आणि जमलं तर घुमट पण आणा, निखाऱ्यांची सोय मी बघतो.